साक्षीदार क्रमांक एकतीस

बुधवार, १२ नोव्हेंबर २०२५. दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी उच्च न्यायालयाने रूपल दिनानाथ राऊत हिला जामीन मंजूर केला. सरकार पक्षाने चार आठवड्यांची स्थगिती मागितली. मिळाली ती शुक्रवारी संध्याकाळी पाचपर्यंत. मध्ये सर्वोच्च न्यायालयाने काही म्हटलं नाही, तर पाचनंतर रूपल बाहेर येऊ शकत होती. त्यासाठी त्याआधी दोन जामीनदार मुंबईच्या विशेष न्यायालयात उभे राहायला हवे होते.

पालघरजवळच्या माहीम गावी, घरी फोन चार वाजून सोळा मिनिटांनी वाजला. शालूने वकील हेमालीचं बोलणं ऐकून घेतलं, "बरं" म्हणाली आणि वाडीत जाऊन नवऱ्याला सांगितलं. दिनानाथ पानवेलींना पाणी देत होता. त्याने आधी पाट बंद केला, मग बांधावर बसला.

"दोन माणसं पायजेत," शालू म्हणाली. "जमीन नायतर पगार असलेली. आणि इथलीच."

"जमीन हाय की," दिनानाथ म्हणाला.

गुरुवारी सकाळी आठला तो सातबारा घेऊन ओटीवर येऊन बसला. वडील गेल्यावर भावंडांनी वाडीची वाटणी तोंडी केली होती. उत्तरेचा तुकडा दिनानाथचा, दक्षिणेचा धाकट्या भगवंतचा, आणि शिरगावात दिलेल्या बहिणीला, पुष्पलताला, दरवर्षी आंबे, नारळ आणि पानं. कागदावर मात्र तिघांची नावं एकाखाली एक राहिली. सातबारा फोडला नाही याचा दिनानाथला अभिमान होता. लग्नाच्या बोलण्यातसुद्धा तो हे सांगत असे.

"तिघांची सही लागेल," हेमाली म्हणाली. ती पालघरची. वय तेहतीस, रूपलपेक्षा एका वर्षाने लहान. गेली चार वर्षं ती या खटल्याच्या तारखांना मुंबईत उभी राहत आली होती आणि फीचा विषय निघाला की फाइल चाळायला लागायची.

"लता आलीच हाय," दिनानाथ म्हणाला. पुष्पलता शिरगावहून पहिल्या रिक्षाने आली होती आणि चहा गाळत होती. "भावेशला मीच बोलावलंय. बापाची सही तो आणील."

भगवंतचा मुलगा भावेश मजूर पुरवण्याची कंत्राटं घ्यायचा. तो ओटीच्या पायरीवर उभा होता. बस म्हटल्यावरही बसला नव्हता. अंगणापलीकडे, वीस पावलांवर, त्याच्या बापाचं घर. दार उघडं होतं. आत भगवंत पेपर वाचताना दिसत होता. दोन घरांमध्ये चार वर्षं बोलणं नव्हतं. सामाईक विहिरीच्या पंपाशी एक पाटी टांगलेली होती; कोणी किती वाजता पाणी घेतलं ते दोघे भाऊ तिच्यावर खडूने लिहीत. संभाषण तेवढंच.

"काका, एक सांगू?" भावेश म्हणाला. "रूपल सुटावी असं मलापण वाटतं. लहानपणी माझं गणित तिनेच करून घेतलंय. पण माझी बेचाळीस माणसं समुद्राकडच्या प्रकल्पात कामाला जातात. प्रत्येकाच्या गेटपासला पोलिसांचा दाखला लागतो. ती आत गेली त्या वर्षी माझाच पास अकरा महिने अडकला. विचारलं तर म्हणाले, नातं काय? मी म्हटलं, चुलत बहीण. पुढे कोणी काही बोललंच नाही. नुसता पास अडकला. माणसं घरी बसली. त्यांनी काय केलं होतं?"

पुष्पलताने त्याच्यासमोर चहाचा कप धरला.

"डिसेंबरात परत नूतनीकरण आहे," तो म्हणाला. "आणि आता पप्पांची सही तिच्या जामिनावर."

"भगवंतकाकांची सही मला नकोच आहे," हेमाली म्हणाली.

दिनानाथने सातबाऱ्यावरून मान वर केली.

"ते सरकारी साक्षीदार आहेत. क्रमांक एकतीस. त्यांनी जामिनाला संमती दिली, तर उद्याच अर्ज येईल की आरोपीच्या घरचे साक्षीदाराला फितवतायत. जामीन रद्द करायला तेवढं पुरेल. म्हणजे हा सातबारा बाजूला ठेवा."

शालूला तो दिवस जसाच्या तसा आठवला. ११ ऑगस्ट २०२१, सकाळचे सहा. दोन गाड्या. रूपल तेव्हा बोईसरला एक लहानसं केंद्र चालवायची. कारखान्यात भाजलेल्या, बोटं गेलेल्या कंत्राटी कामगारांचे अर्ज लिहायची. शनिवार-रविवारी डोंगराकडच्या पाड्यांत वनहक्काचे दावे भरायची. बंदी असलेल्या संघटनेशी तिचा संबंध आहे, असं आलेले लोक म्हणाले. झडतीला दोन पंच हवे होते. भगवंत आपणहून अंगण ओलांडून आला. "भायेरचा कोणी नको," तो म्हणाला, "आपलं मानूस असलेलं बरं." त्याने सही केली. दीड महिन्यानंतर कळलं की त्या कागदावर एका पेनड्राइव्हची जप्ती आहे, आणि खटला उभा आहे तो त्या पेनड्राइव्हवर. त्या दिवसापासून शालूने अंगण ओलांडलं नव्हतं.

"मग आता कोण?" पुष्पलताने विचारलं.

सव्वानऊला फाटकाशी स्कूटर थांबली. पुढे दीपाली, मागे तिचा बाप जिवल्या. डोंगराकडून यायला त्यांना दीड तास लागला होता. जिवल्याने पंधरा वर्षं हिवाळ्यात राऊतांच्या वाडीत काम केलं होतं. पाय धुऊन तो ओटीवर आला, दिनानाथच्या समोर बसला आणि शर्टाच्या आतून प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला कागद काढला.

"पट्टा हाय," तो म्हणाला. "दीड एकर. माझा आनी हिच्या आयचा, दोघांचा नाव हाय. ताईनं भरलेला. तो कोडतात ठेवा नी ताईला आना."

हेमालीने कागद दोन्ही हातांत घेतला. वनहक्काचा पट्टा होता. तिने तो पूर्ण वाचला, गरज नसताना मागची बाजूही पाहिली.

"जिवल्यादादा, हा नाही चालणार."

"का? खरा हाय. सायबाची सही हाय."

"खरा आहे. पण ही जमीन तुम्हाला विकता येत नाही, कोणाला जप्त करता येत नाही. म्हणून तर ती तुमच्याकडे राहील. कोर्टाला जामिनाला अशी जमीन लागते, जी वेळ आली तर हिसकावून घेता येईल."

जिवल्याने यावर विचार केला. "म्हंजे चांगला कागद हाय म्हनून नाय चालत?"

"असंच काहीसं."

"सरकारचा काम," जिवल्या म्हणाला आणि चहा प्यायला. पण कागद त्याने लगेच परत गुंडाळला नाही. शालूने ते पाहिलं. तिने त्याच्या पुढ्यात पोह्यांची बशी ठेवली आणि सरळ विचारलं, "जिवल्या, जमीन गेली असती तर?"

"नाय गेली असती. ताय पळून जानार हाय का?"

दीपाली एवढा वेळ खांबाला टेकून उभी होती. ती प्राथमिक आरोग्य केंद्रात परिचारिका. सहा वर्षं नोकरी, कायम. तिने पर्समधून तीन कागद काढून हेमालीसमोर ठेवले. पगाराचा दाखला, ओळखपत्र, आधार.

"बाबाला मी घरीच सांगितलं होतं पट्टा चालणार नाही," ती म्हणाली. "ऐकत नाही. मी म्हटलं, विचारून तरी घेऊ दे. हा दाखला काल संध्याकाळी काढला, बातमी आली तेव्हा."

"काय कारण सांगितलंस?" भावेश एकदम म्हणाला. त्याला गप्प राहवलं नाही. "तुला माहीत आहे ना कुठला कायदा आहे तो? यूएपीए. दहशतवादाचा, साधा नाही. उद्या तुझ्या वरिष्ठांकडे कोणी येऊन विचारेल, ही बाई आणि आरोपी, संबंध काय? चौकशी लागेल. बदली होईल."

"होईल की."

"नोकरीवर आलं तर?"

"भावेशदादा, कारण लिहायला जागा होती तिथे मी 'जामीन' लिहिलं. साहेबांनी वाचलं. माझ्याकडे बघितलं. मग सही केली, आणि शिपायाला हाक मारायच्या ऐवजी स्वतः उठून शिक्का घेऊन आले." तिने दाखला सरळ केला. "मला वाटलं होतं मला समजावून सांगावं लागेल. नाही लागलं."

भावेश पायरीवर बसला. सकाळपासून पहिल्यांदाच.

"एक झाला," हेमाली म्हणाली. ती कागदावर लिहीत होती. बहुधा म्हणूनच तिने मान खाली ठेवली होती.

"दुसरी मी," पुष्पलता म्हणाली. "शिरगावचं घर माझ्या नावावर हाय, एकटीच्या. हे गेल्यावर मीच करून घेतलं. घरपट्टीची पावती पर्समध्ये हाय. दादा, तुझा सातबारा ठेव आता आत, वाऱ्याने उडेल."

"तू आधी नाय बोललीस?" दिनानाथ म्हणाला.

"तू सातबारा घेऊन बसला होतास. तुझ्यापुढे बोलायची कोणाची टाप हाय?"

शालू हसली. ओटीवर कोणीतरी हसण्याचा आवाज अंगणापलीकडे गेला असावा, कारण भगवंतने पेपर खाली केला.

हेमाली हसली नव्हती. आदेशाची प्रत तिच्या हाती सकाळी सहाला आली होती, बेचाळीस पानं. तिने शेवटची दोन पानं उघडली.

"जामीनदार झाले. आता अडचण सांगते. अट तिसरी: आरोपीने माहीम येथील राहत्या घरीच राहावं, न्यायालयाच्या परवानगीशिवाय पत्ता बदलू नये. अट सहावी: कोणत्याही साक्षीदाराशी प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष संपर्क ठेवू नये."

दिनानाथला कळायला क्षणभर लागला. मग त्याने अंगणाकडे पाहिलं. सगळ्यांनीच पाहिलं.

"वीस पावलं," हेमाली म्हणाली. "विहीर एक, फाटक एक. ती सकाळी दात घासायला बाहेर आली आणि काकांनी नुसतं 'कशी आहेस' विचारलं, तरी भंग. कोणी फोटो काढला की संपलं."

"मग माझ्याकडे राहूदे," पुष्पलता म्हणाली.

"पत्ता बदलायला अर्ज करावा लागेल. सुनावणी लागेल. सरकार पक्षाला नेमकं तेच हवंय, आणखी चार दिवस. तेवढ्यात वर अपील लागलं आणि स्थगिती मिळाली, तर परत आत. पाच वर्षं, सहा वर्षं, सांगता येत नाही. खटल्यात दोनशे चौदा साक्षीदार आहेत. अजून एकाचीही साक्ष झालेली नाही."

"भगवंतला सांगतो," दिनानाथ उठायला लागला. "काही दिवस—"

"काका, बसा. तुम्ही नाही सांगायचं. साक्षीदाराला घर सोडायला लावलं असं होईल." हेमालीने पानं मागे उलटली. "आणि आता हे ऐका. हे मी वाचून दाखवते, पण त्यांच्या कानावर घालायचं नाही. परिच्छेद सत्तावीस."

तिने सावकाश, मराठीत सांगितलं. पंचनाम्यात लिहिलं आहे की पेनड्राइव्ह दुपारी तीन वाजून पंधरा मिनिटांनी सापडला, मोहोरबंद झाला आणि त्यानंतर पंचांनी सही केली. पण एका पंचाने सहीखाली स्वतःच्या हाताने तारीख आणि वेळ घातली आहे. ती वेळ आहे एक वाजून पस्तीस मिनिटं. वस्तू सापडण्याआधी एक तास चाळीस मिनिटं तिच्या जप्तीवर सही कशी झाली, याचा खुलासा तपास यंत्रणेला करता आलेला नाही. खटल्यात काय ठरायचं ते ठरेल. आज मात्र या पुराव्यावर आरोपीला अनिश्चित काळ डांबून ठेवता येणार नाही.

तो पंच कोण, हे ओटीवर सगळ्यांना कळलं.

भगवंत पान उत्पादकांच्या सोसायटीत बत्तीस वर्षं कारकून होता. तारीख आणि वेळ घातल्याशिवाय त्याने कधी सही केली नव्हती. किराण्याच्या यादीखाली वेळ लिहायचा. रूपलच्या शाळेच्या प्रगतिपुस्तकावर एकदा बापाऐवजी सही केली, तिथेही 'सायं. ६.२०' लिहिलं, बाईंनी वर्गात वाचून दाखवलं आणि रूपल आठवडाभर त्याच्याशी बोलली नव्हती.

"ज्या सहीसाठी मी त्याचं तोंड बघितलं नाय," शालू म्हणाली. वाक्य तिने पूर्ण केलं नाही.

"हे त्यांना कळलं आणि मग ते साक्षीला उभे राहिले, तर सरकारी वकील विचारणार, तुम्हाला घरच्यांनी शिकवलं का?" हेमाली म्हणाली. "त्यांनी जे आठवतं ते सांगायला हवं, कोणाकडून काही न ऐकता. एवढं आपण करू शकतो त्यांच्यासाठी. आणि तिच्यासाठी."

मग ती उठली. "मी जरा वाडी बघून येते," म्हणाली आणि चपला तशाच ठेवून पानवेलींत गेली; पुढे कोण काय ठरवतं ते तिला ऐकायचं नव्हतं.

बापाला आपल्याकडे न्यायचं तर काय काय होईल, याचा भावेशने हिशेब केला. बोईसरचा फ्लॅट चौथ्या मजल्यावर, लिफ्ट आठवड्यातून दोन दिवस चालते. बायको काय म्हणेल ते त्याला माहीत होतं. ती दोन दिवस बोलणार नाही आणि तिसऱ्या दिवशी सासऱ्याला आवडतो तसा चहा करायला शिकेल. बापाचा पत्ता बदलला की साक्षीदार म्हणून पोलिसांना कळवावं लागणार. हवालदार दारात येणार. डिसेंबरात पासाच्या अर्जावर 'घरातील व्यक्ती' या रकान्यात साक्षीदार क्रमांक एकतीस लिहावा लागणार. बेचाळीस माणसं. त्यातली सहा तर याच गावची.

हे सगळं त्याला दिसत होतं आणि तरी तो अंगण ओलांडायला लागला होता. का, हे त्याला नंतरही नीट सांगता आलं नाही. दीपालीने कारणाच्या जागी 'जामीन' लिहिलं, हे डोक्यात राहिलं होतं, एवढं तो म्हणायचा.

"पप्पा, माझ्याकडे चला."

भगवंतने चष्मा काढला. "किती दिवस?"

"माहीत नाही."

"रूपल येते?"

"अजून ठरलं नाही. पण येईल."

भगवंतने भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. दहा वाजून पाच मिनिटं. हा माणूस अडुसष्ट वर्षांत गावाबाहेर सलग आठ दिवसांहून जास्त राहिला नव्हता. बायको गेली तेव्हाही मुलाकडे तीन दिवस थांबून परत आला होता. वेली सुकतील, म्हणाला होता. झडतीच्या दिवशी आपण काय केलं हे तो चार वर्षं रोज तपासून बघत होता. घरातलं माणूस असावं म्हणून गेलो. लवकर उरकलं तर पोरीला लवकर सोडतील म्हणून सही केली. या दोन गोष्टींत चूक कुठली, हे त्याला सापडलं नव्हतं. चूक झाली एवढं मात्र त्याने मानलं होतं.

"निळी बॅग माळ्यावर हाय," तो म्हणाला. "काढ."

"कारण विचारणार नाही?"

"तुला सांगायचं असतं तर सांगितलं असतंस." तो उठला. "आनी वेलींचं?"

उत्तर दुसऱ्या बाजूने आलं. विहिरीशी दिनानाथ उभा होता. त्याने पाटी खुंटीवरून काढली होती आणि ओल्या हाताने पुसत होता.

"पाटी कशाला पुसतोस?" भगवंतने आपल्या ओटीवरून विचारलं. भावाशी चार वर्षांतलं पहिलं वाक्य.

"दोन्ही पाळ्या माझ्याच आता. कोणासाठी लिवू?"

"दक्षिणेच्या ओळीला पानी कमी लागतं. जास्त सोडशील तर मुळं कुजतील."

"आता तू मना शिकव," दिनानाथ म्हणाला. पण तो तिथेच उभा राहिला आणि भगवंत दहा मिनिटं त्याला कुठल्या ओळीला किती पाणी ते सांगत राहिला. त्यातलं बरंचसं दिनानाथला माहीत होतं.

बॅग भरून झाली तेव्हा शालू आली. डोक्यावर पदर, हातात ताट झाकलेलं. ती पायरीशी थांबली.

"भाऊजी, येऊ?"

भगवंत गडबडून उभा राहिला. "या, वहिनी."

तिने ताट स्टुलावर ठेवलं. काय बोलायचं ते तिने वाटेत ठरवलं होतं आणि वीस पावलांत ते संपलं होतं.

"माझं चुकलं," ती म्हणाली.

"वहिनी, सही मी केली. मी त्या दिवशी—"

"त्याच्याबद्दल बोलायचं नाय."

"का?"

"वकील बोलली."

"मग कशाबद्दल बोलायचं?"

शालूने विचार केला. "जेवा," ती म्हणाली. "सुरणाची भाजी हाय. मीठ बघा जास्त झालं का."

त्याने एक घास घेतला. मीठ जास्त झालं होतं. "बरोबर हाय," तो म्हणाला.

ती समोर उंबऱ्यावर बसून राहिली. त्याने सगळं संपवलं. मग ताट उचलताना ती वाकली आणि त्याच्या पायाला हात लावला. ती थोरली भावजय होती. त्यांच्या घरात मोठी वहिनी धाकट्या दिराच्या पाया पडत नाही.

"अहो वहिनी, हे काय? कशासाठी?"

"ते सांगता येत नाय," शालू म्हणाली आणि ताट घेऊन निघाली.

अकरा वाजता भावेशची गाडी फाटकातून गेली. भगवंतने खिडकीतून मागे पाहिलं. त्याला फक्त एवढं कळलं होतं की काहीतरी झालं आहे, ते वाईट नाही, आणि ते त्याला कोणी सांगणार नाही.

गुरुवारची दुपार पालघरच्या तहसील कार्यालयात गेली. पुष्पलताच्या ऐपतीच्या दाखल्याला एरवी आठवडा लागतो. खिडकीवरच्या बाईंनी अर्ज वाचला, नाव वाचलं, पुष्पलताकडे पाहिलं. "ती मुलगी तुमची कोण?" "भाची." बाईंनी उघडलेला डबा बंद केला, फाइल घेऊन आत गेल्या आणि पावणेचारला दाखला घेऊन आल्या. डबा तसाच होता. हेमालीने नाव विचारलं. "नाव कशाला?" बाई म्हणाल्या. नाव न विचारलेलं बरं, असे दिवस होते. तरी निघताना पुष्पलताने खिडकीशी पाच मिनिटं उभं राहून त्यांना जेवायला लावलं.

शुक्रवारी पहाटे चौघं मुंबईला निघाली. दिनानाथ, पुष्पलता, दीपाली, हेमाली. शालू आली नाही. घर उघडं असायला हवं, म्हणाली.

विशेष न्यायालयात जामीनदारांची तपासणी दुपारी तीनला सुरू झाली. पुष्पलताला चार प्रश्न. दीपालीला अकरा.

"आरोपी तुमची कोण?" न्यायाधीशांनी विचारलं.

"नात्याने कोणी नाही."

"मग जामीन का राहता?"

दीपालीकडे घोकून आणलेलं उत्तर होतं. हेमालीने लिहून दिलेलं. ती ते विसरली. "आमच्या पाड्यातल्या सदतीस घरांचे अर्ज तिने लिहिले," ती म्हणाली. "हाताने. एकदा पावसात भिजले तर परत सदतीस लिहिले. ती पळून जाणारी नाही, साहेब. आम्हीच तिला जा म्हणायचो, शेवटची गाडी चुकेल म्हणून."

सरकारी वकील काही बोलायला उठले आणि बसले. तीन वाजून पन्नास मिनिटांनी दोन्ही जामीन स्वीकारले गेले.

पाच वाजता स्थगिती संपली. पाच वाजून पंचवीस मिनिटांनी सुटकेचा आदेश महिला तुरुंगात पोचल्याची पावती हेमालीला मिळाली. पाच चाळीसला दिल्लीच्या वकिलाचा निरोप आला: सर्वोच्च न्यायालयात सरकारचं अपील दाखल झालं आहे; तातडीची सुनावणी आजच घ्यावी अशी विनंती केली आहे; तिचं काय झालं ते अजून कळलेलं नाही.

तुरुंगाच्या दारासमोर फुटपाथवर तिघी आणि दिनानाथ उभे होते. सहाच्या सुमारास दिनानाथचा फोन वाजला. भावेश होता.

"काका, पप्पा विचारतायत, तुमची तब्येत कशी आहे."

दिनानाथला प्रश्न कळला; रूपलचं नाव घ्यायचं नव्हतं. "बरी हाय म्हणून सांग."

मागे भगवंतचा आवाज आला, मग भावेश परत बोलला. "ते विचारतायत, पूर्ण बरी का अजून थोडी बाकी?"

"थोडी बाकी हाय. औषध पोचलंय. लागू पडायची वाट बघतोय."

"सांगतो." भावेश थांबला. "काका, मलापण तब्येत विचारायची होती. म्हणजे, माझ्याकडून. तुमची."

"कळलं रे," दिनानाथ म्हणाला. फोन ठेवल्यावर त्याने तो शर्टाने पुसला. पुष्पलताने त्याच्या हातात पाण्याची बाटली दिली. दीपाली आजच्या रजेचा अर्ज मोबाइलवर लिहीत होती. सोमवारी खुलासा द्यायला हजर राहावं, असा वरिष्ठांचा मेसेज तिला दुपारीच आला होता. तिने तो फक्त हेमालीला दाखवला होता. दिनानाथला घरी पोचेपर्यंत सांगायचं नाही, असं दोघींनी ठरवलं होतं.

सहा पन्नासला तुरुंगाच्या मोठ्या दारातलं लहान दार उघडलं. आतून नावं पुकारल्याचा आवाज आला. कोणती, ते रस्त्यावर ऐकू आलं नाही. सात वाजून पाच मिनिटांपर्यंत सुटलेल्या चौघी जणी पिशव्या घेऊन बाहेर आल्या होत्या. रूपल त्यांत नव्हती; दिल्लीहूनही दुसरा निरोप आला नव्हता. लहान दार अजून उघडं होतं.